जोडीदार गेम हरलाय? आधी दहा मिनिटं द्या

"गेमच तर आहे" म्हटल्याने हार लहान होत नाही, हरलेलं माणूस मात्र एकटं पडतं. मग अशा वेळी काय बोलावं, काय टाळावं आणि समजून घेणं कुठे थांबवावं?

रात्रीचे सव्वाअकरा वाजलेत. नोएडातल्या सातव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये भाजी दुसऱ्यांदा गरम करून झाली आहे. आतल्या खोलीतून मघापासून आरडाओरडा ऐकू येत होता, "डावीकडे बघ, डावीकडे! अरे, कव्हर दे ना!" मग एकदम शांतता. हेडफोन टेबलावर आपटल्याचा आवाज. नवरा बाहेर येतो आणि जेवायला बसतो, पण त्याचं लक्ष ताटात नाही. तुम्ही विचारता, "काय झालं?" तो म्हणतो, "काही नाही." तुम्ही म्हणता, "हरलास का? अरे, गेमच तर आहे!" त्यानंतर जेवण संपेपर्यंत घरात फक्त पंख्याचा आवाज.

घर नोएडातलं असो, गुरुग्रामचं, द्वारकेचं किंवा गाझियाबादचं, हा प्रसंग आता अनेक घरांना ओळखीचा आहे. काही घरांत भूमिका उलट असतात. बायको मोबाइलवर खेळत असते आणि तिचा उतरलेला चेहरा पाहून नवरा गोंधळतो. त्यामुळे या लेखात "जोडीदार" म्हटलं की तो किंवा ती, दोघंही समजा.

वरच्या प्रसंगात तुमचा हेतू चांगलाच होता. त्याला हलकं वाटावं म्हणून तुम्ही बोललात. मग ते वाक्य बोचलं का?

नेमकं हरलं काय?

जो खेळत नाही त्याला पडद्यावर फक्त धावणारी, गोळ्या झाडणारी माणसं दिसतात. खेळणाऱ्याचं नुकसान मात्र अगदी मोजून होतं. बीजीएमआयसारख्या गेममध्ये एका सामन्यात 100 पर्यंत खेळाडू उतरतात. चार-चार जणांचे संघ धरले तर 25 संघ, आणि जिंकतो फक्त एक. उरलेले 24 हरतात. हरलं की रँकचे गुण कापले जाऊ शकतात. आठवडाभर जागून मिळवलेली पायरी दोन वाईट सामन्यांत हातातून जाते. व्हॅलोरंटमध्ये पाच विरुद्ध पाच खेळतात आणि 13 फेऱ्या आधी जिंकणारा संघ विजयी ठरतो. हा सामना मध्येच थांबवता येत नाही. सोडून उठलं तर खेळाडूला शिक्षा होते आणि उरलेले चौघे अडचणीत येतात. "दोन मिनिटं ये, पोळ्या गार होताहेत" या हाकेला तो का उठत नाही, याचं निम्मं उत्तर इथेच आहे. उरलेलं निम्मं उत्तर त्याने द्यायचं आहे, त्याकडे पुढे येऊच.

दिल्लीत राहणाऱ्या मराठी घरांत आणखी एक गोष्ट असते. नोकरीसाठी इकडे आलेल्या माणसाचा कट्टा मागे राहिलेला असतो. एक मित्र पुण्यात, एक नागपुरात, एक बंगळुरूमध्ये. रात्री दहाला हे सगळे एकत्र येतात ते याच गेममध्ये. तिथे गोळ्यांच्या जोडीने गप्पा चालतात, ऑफिसचं रडगाणं चालतं, जुन्या चिडवाचिडवीला ऊत येतो. अशा वेळी आपल्या चुकीमुळे संघ हरला तर नुसते गुण जात नाहीत, मित्रांसमोर मान खाली जाते. कट्ट्यावर चेष्टेचा विषय झालेलं माणूस घरी येऊन मुकाट्याने जेवतं, त्यातलाच हा प्रकार.

तरीही पटत नसेल तर 19 नोव्हेंबर 2023 ची रात्र आठवा. ओळीने दहा सामने जिंकून आलेला भारत अहमदाबादला विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात ऑस्ट्रेलियाकडून सहा गडी राखून हरला. त्या रात्री किती घरांत स्वयंपाक तसाच राहिला! आपण तर मैदानात उतरलोही नव्हतो, सोफ्यावर बसून हरलो होतो. तेव्हा कुणी "क्रिकेटच तर आहे" म्हटलं असतं तर आपण त्याच्याकडे कसं पाहिलं असतं? खेळ आभासी असू शकतो, पण त्यात घातलेला वेळ आणि मेहनत खरीच असते. म्हणूनच वाईटही खरंच वाटतं.

पहिली दहा मिनिटं काहीच करू नका

सामना संपला तरी शरीर लगेच थांबत नाही. छाती धडधडत असते, हात गरम असतात, डोक्यात शेवटचे तीस सेकंद पुन्हा पुन्हा फिरत असतात. या वेळी विचारलेला साधा प्रश्नही उलटतपासणीसारखा वाटतो.

हे फक्त नवशिक्यांचं किंवा पोरासोरांचं होतं असं नाही. 1 जून 2025 ला नॉर्वे चेस स्पर्धेत मॅग्नस कार्लसन आपल्या डी. गुकेशकडून हरला. पाच वेळा जगज्जेता ठरलेल्या या माणसाने हरताच टेबलावर अशी मूठ आपटली की सोंगट्या उडाल्या. नंतर त्याने गुकेशची माफी मागितली, जाता जाता त्याची पाठही थोपटली. गुकेशने त्या क्षणी काय केलं, ते पाहण्यासारखं आहे. त्याने वाद घातला नाही, उपदेश केला नाही. तो बाजूला झाला आणि स्वतःला सावरत राहिला. घरातही पहिली दहा मिनिटं एवढंच पुरतं. पाण्याचा ग्लास जवळ ठेवा आणि आपल्या कामाला लागा. "मी आत आहे" एवढं सांगा. मात्र अबोला धरून आत जाणं आणि सांगून आत जाणं यात मोठा फरक आहे. पहिल्याने शिक्षा झाल्यासारखी वाटते, दुसऱ्याने मोकळीक मिळते.

"चिडलाय ना, मग ओरडू दे, उशी बडवू दे, राग बाहेर पडला की शांत होईल," असा एक समज आहे. मानसशास्त्रज्ञ ब्रॅड बुशमन यांनी 2002 मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात याची परीक्षा घेतली होती. ज्याच्यावर राग होता त्याला आठवत पंचिंग बॅगवर ठोसे मारणारे लोक शांत झाले नाहीत, उलट काहीच न करता बसलेल्यांपेक्षा जास्त चिडलेले आणि आक्रमक दिसले. थोडक्यात, आपटाआपटीने राग उतरत नाही. शरीर थंड झालं की उतरतो. तोंडावर गार पाणी, सावकाश श्वास, सोसायटीच्या आवारात एक फेरी. दिल्लीच्या हिवाळ्यात हवा वाईट असेल तर फेरी घरातच, या खोलीतून त्या खोलीत.

हरल्या हरल्या लगेच "अजून एक मॅच, ही शेवटची!" असं होतं, तेही याच दहा मिनिटांत. आपल्याकडे याला इरेला पेटणं म्हणतात. इरेला पेटलेला माणूस घाई करतो, पुन्हा हरतो आणि एका हारेच्या चार होतात. म्हणून धीर देण्याच्या भरात "परत खेळ, जिंकशील बघ" असंही लगेच म्हणू नका.

मग काय बोलायचं?

दहा मिनिटांनी, किंवा जेवताना, एकच प्रश्न पुरतो. "कसं झालं रे?" किंवा "शेवटपर्यंत गेला होता का तुम्ही?" तुम्हाला गेम कळत नसला तरी बिघडत नाही. उलट न कळणाऱ्याला समजावून सांगताना माणूस आपोआप शांत होतो. तो झोन, स्क्वॉड, स्नायपर असं काहीबाही सांगेल. त्यातले शब्द नाही, तर सूर ऐका. "म्हणजे जिंकत आला होतास आणि ऐनवेळी गेलं, हो ना?" एवढं म्हणालात की त्याला कळतं, आपलं ऐकलं गेलं.

काही वाक्यं मात्र टाळलेलीच बरी. "कितीदा सांगितलं, झोप जरा" हे म्हणणं खरं असलं तरी ती वेळ नाही. "तुझ्या मित्रामुळेच हरता तुम्ही" असं म्हणालात तर तो मित्राची बाजू घेऊन तुमच्याशी भांडेल. "शेजारच्यांचा मुलगा बघ, यातून कमावतो" ही तुलना कुणालाच आवडत नाही. घरात वडीलधारे असतील तर "एवढा घोडा झाला तरी खेळतोय" हा टोमणा त्यांच्याकडून येतोच. तेव्हा त्यांच्या सुरात सूर मिसळू नका. "आई, दमलाय तो, जेवू दे आधी," एवढं तुमचं बोलणं त्याच्या लक्षात राहतं.

ज्या घरात चेष्टा चालते तिथे एक सांकेतिक शब्द ठरवून ठेवा. मराठी माणसाला हारेसाठी शब्द शोधायला लांब जावं लागत नाही. 14 जानेवारी 1761 पासून तो आपल्या भाषेतच आहे, आणि पानिपत आता एनसीआरमध्येच मोडतं! बाहेर येऊन त्याने नुसतं "पानिपत" म्हटलं की समजायचं, हरलो आहे, दहा मिनिटं दे. ना स्पष्टीकरण, ना चौकशी. शब्द कुठलाही चालेल, फक्त तो दोघांनी मिळून, शांत असताना ठरवलेला हवा.

तुम्हीही माणूस आहात, हेही विसरू नका. मेट्रोत दीड तास उभं राहून आल्यावर, मुलांचा अभ्यास घेतल्यावर, दुसऱ्याची हार ऐकून घ्यायची ताकद रोज असेलच असं नाही. "आज मी खूप दमलेय, उद्या सकाळी चहाला सांग, नक्की ऐकते," हे म्हणणंही प्रेमाचंच आहे. फक्त सकाळी आठवणीने विचारा.

तुम्हीच हरवलंत तर?

कधी कधी समोरचा खेळाडू तुम्हीच असता. लुडो किंग हा गेम 2016 मध्ये नवी मुंबईतल्या एका कंपनीने आणला आणि 2020 च्या लॉकडाऊनमध्ये घराघरांत नवरा-बायको, सासरे-सुना मोबाइलवर सोंगट्या मारू लागले. हसतखेळत दिवस गेले, पण सगळीकडे नाही. त्याच एप्रिलमध्ये गुजरातमधल्या वडोदऱ्याहून बातमी आली होती की ऑनलाइन लुडोत बायको पुन्हा पुन्हा जिंकली म्हणून नवऱ्याने तिला इतकं मारलं की तिच्या मणक्याला दुखापत झाली. जोडीदाराला एकत्र वेळ घालवता यावा म्हणून सुरू केलेला खेळ होता तो.

अशी बातमी वाचून काही जणी मुद्दाम हरायला लागतात. तसं करू नका. मुद्दाम हरणं म्हणजे त्याच्या रागाला घाबरून घर चालवणं. दोघांमध्ये चुरस झेपत नसेल तर एकमेकांविरुद्ध खेळू नका, एका संघात खेळा. तेही जमत नसेल तर तो खेळच बंद.

इथे एक रेघ ओढून ठेवा आणि ती पुसू देऊ नका. वाईट वाटणं, गप्प बसणं, चिडचिड होणं हे समजून घेण्यासारखं आहे. तुम्हाला शिव्या देणं, वस्तू फोडणं, मुलांवर ओरडणं आणि हात उगारणं हे समजून घ्यायचं नाही. त्याला हार कारणीभूत नसते. तोच माणूस ऑफिसात साहेबांसमोर हरला तर टेबल आपटत नाही, म्हणजे स्वतःला आवरणं त्याला येतं. हात उगारला गेला तर तिथून बाजूला व्हा, मुलांना सोबत घ्या, माहेरी किंवा विश्वासातल्या कुणाला तरी सांगा. महिलांसाठी 181 ही हेल्पलाइन आहे, तातडीच्या वेळी 112 आहे. "गेममुळे झालं, तो तसा नाही" असं म्हणून हे झाकू नका.

खेळणाऱ्यानेही काही करायचं आहे

सगळं समजून घ्यायचं काम एकाच माणसाकडे असेल तर ते फार दिवस टिकत नाही. म्हणून सुट्टीच्या सकाळी, कांदेपोहे खाताना, दोघांनी बसून तीन गोष्टी ठरवा.

पहिली, गेम थांबवायची वेळ ठरवण्यापेक्षा शेवटचा सामना सुरू करायची वेळ ठरवा. "अकराला बंद" हा नियम रोज मोडतो, कारण अकराला सामना अर्ध्यावर असतो आणि भांडण ठरलेलं असतं. "साडेदहानंतर नवा सामना नाही" हा नियम पाळता येतो. जेवणाच्या हाकेचं उरलेलं निम्मं उत्तर हेच. जेवण साडेनऊला असेल तर नऊला नवा सामना सुरू करायचाच नाही, ही जबाबदारी खेळणाऱ्याची.

दुसरी, जेवताना फोन उलटा आणि हार ताटाबाहेर. हरल्याचं सांगायचं असेल तर सांगावं, पण भाजीत मीठ कमी आहे म्हणून ती हार बाहेर काढू नये.

तिसरी, घरात मुलं असतील तर हरल्यावर त्यांच्यासमोर एक वाक्य मोठ्याने बोलायचं, "आज हरलो, वाईट वाटतंय, थोड्या वेळाने बरं वाटेल." हार कशी पचवायची हे मुलं आईबाबांकडे पाहूनच शिकतात. शाळेच्या मैदानावर ती याच शब्दांत स्वतःला सांभाळतील.

खेळ आजार होतो तेव्हा

रोज थोडं चिडणं वेगळं आणि गेमशिवाय काहीच न उरणं वेगळं. जागतिक आरोग्य संघटनेने आजारांच्या नव्या वर्गीकरणात गेमिंगच्या विकाराला जागा दिली आणि 1 जानेवारी 2022 पासून ते लागू झालं. त्यात तीन खुणा सांगितल्या आहेत. खेळण्यावर ताबा राहत नाही. इतर कामं, नाती आणि आवडीनिवडी यांच्यापेक्षा खेळच आधी येतो. आणि नुकसान दिसत असूनही खेळणं चालूच राहतं किंवा वाढतं. सहसा हे किमान 12 महिने चालल्यावर आणि त्याने घर, नोकरी किंवा अभ्यास बिघडल्यावरच डॉक्टर त्याला विकार म्हणतात. त्यामुळे आठवडाभर उशिरापर्यंत खेळणाऱ्याला लगेच "तू अ‍ॅडिक्ट आहेस" म्हणू नका. तो शिक्का लागला की माणूस बोलणंच बंद करतो.

पण खुणा जुळत असतील तर उशीर करू नका. दिल्लीत राहणाऱ्यांना मदत जवळ आहे. एम्समध्ये 2016 पासून वर्तनाच्या व्यसनांसाठी वेगळं क्लिनिक चालतं, इंटरनेट आणि गेमिंगचे रुग्ण तिथे पाहिले जातात. आधी फोनवर बोलायचं असेल तर केंद्र सरकारची टेली-मानस सेवा 10 ऑक्टोबर 2022 पासून सुरू आहे. तिचा क्रमांक 14416, आणि ती अनेक भारतीय भाषांत मिळते. फोन पीडितानेच करायला हवा असं नाही, घरातल्या माणसालाही सल्ला मागता येतो.

आणि पैसे हरले असतील तर?

रँक हरणं आणि रक्कम हरणं यांची गल्लत करू नका. रमीसारख्या पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांत अनेक घरांनी बचत गमावली. संसदेने ऑगस्ट 2025 मध्ये असे खेळ चालवण्यावर बंदी घालणारा कायदा मंजूर केला आणि 22 ऑगस्टला त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. कायद्याचा रोख खेळ चालवणाऱ्या, जाहिरात करणाऱ्या कंपन्यांवर आहे. तरीही चोरवाटेने चालणारी अ‍ॅप्स निघतात, आणि तिथे बुडालेले पैसे परत मिळवणं फारच कठीण. फसवणूक झाली असेल तर 1930 या सायबर हेल्पलाइनवर जितक्या लवकर फोन कराल तितकं बरं.

अशा घरांत रकमेइतकंच लपवणंही महागात पडतं. पहिले पाचशे गेले ते सांगितले नाहीत. मग ते वसूल करायला पाच हजार, मग मित्राकडून उसने, मग अ‍ॅपवरून कर्ज. बायकोला कळतं ते वसुलीवाल्याचा फोन आल्यावर. पहिल्या दिवशीच तो बोलला असता तर ते पाचशेवर थांबलं असतं.

तो का बोलला नाही? अनेकदा कारण साधं असतं. याआधी लहानसहान हारेबद्दल तोंड उघडलं तेव्हा त्याला हसू, टोमणा किंवा "मी सांगितलंच होतं" हेच मिळालेलं असतं. याचा अर्थ त्याने लपवलं त्याचा दोष तुमचा, असा मुळीच नाही. लपवण्याची जबाबदारी लपवणाऱ्याचीच. पण ज्या घरात छोटी हार सहज सांगता येते, तिथे मोठी हार सांगायलाही माणूस धजावतो. नोकरी गेल्याची असो, परीक्षेत नापास झाल्याची असो, डॉक्टरांच्या रिपोर्टची असो. रात्री सव्वाअकराचा तो बीजीएमआयचा सामना तुमच्या दृष्टीने क्षुल्लक असेलही, पण "वाईट बातमी घेऊन या माणसाकडे जाता येतं का?" याचं उत्तर तुमचा जोडीदार अशाच क्षुल्लक प्रसंगांतून शोधत असतो.

म्हणून या आठवड्यात एवढंच करून पाहा. जोडीदार हरून बाहेर आला की आधी पाणी, मग दहा मिनिटं, मग एक प्रश्न. आणि तुम्ही स्वतःच खेळणारे असाल तर आज रात्री हरल्यावर "काही नाही" म्हणू नका. "हरलो, जरा वेळ दे," असं म्हणा. समोरच्याला तेवढं कळलं तरी ते जेवण गप्पगप्प होणार नाही.